हौशी मासेमारीचा परवाना : प्रश्न शुल्काचा नव्हे, देखरेखीचा

गळ टाकून हौसेने मासे धरण्यासाठी देशभर चालणारा एकच परवाना नाही. राज्यघटनेच्या सातव्या अनुसूचीनुसार मत्स्यव्यवसाय हा राज्यांचा विषय असल्याने प्रत्येक राज्याचे नियम निराळे आहेत. हिमाचल प्रदेशात ट्राउटसाठी मत्स्यव्यवसाय विभाग शुल्क घेऊन परवाना देतो. हिवाळ्यात, विणीच्या काळात, मासेमारी बंद असते.

कर्नाटकातील कावेरीकाठचा अनुभव मात्र वेगळा आहे. तेथील छावण्यांत पकडलेला महसीर पुन्हा पाण्यात सोडावा लागे. चोरटी मासेमारी सोडून आलेल्या काहींना तेथे वाटाड्याचे काम मिळाले होते. पुढे १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्याच्या आधारे अभयारण्यातील ही मासेमारी थांबविण्यात आली.

कावेरी खोऱ्यातच आढळणारा कुबड असलेला महसीर २०१८ मध्ये आंतरराष्ट्रीय लाल यादीत अतिसंकटग्रस्त ठरला. बाहेरून आणून सोडलेल्या दुसऱ्या जातीच्या महसीरसह त्याची कारणे अनेक आहेत. तथापि, बंदीने सुरुंग लावणारा थांबतोच असे नाही. नियम पाळणारा गळवाला मात्र नदीकाठावरून निघून जातो. परवान्याचे खरे मोल म्हणूनच महसुलापेक्षा या जागत्या पहाऱ्यात अधिक आहे.