२३० व्होल्टची सोय

जानेफळसारख्या गावात फीडरच्या शेवटच्या खांबावर चालणाऱ्या पंपाच्या ऑटो स्टार्टरचे सर्किट आपण सर्रास २३० व्होल्ट आणि २७ अंश सेल्सिअसवर तपासतो. पहिला आकडा आपण भरतो. दुसरा स्पाइस या सिम्युलेटरमध्ये आधीच भरलेला असतो आणि तो बदलायचे कुणाच्या ध्यानात येत नाही. १९७३ साली बर्कलीच्या नेगल आणि पेडरसन यांनी स्पाइस मांडले ते इंटिग्रेटेड सर्किटसाठी. त्यातला व्होल्टेज सोर्स आदर्श असतो, कितीही करंट ओढा, तो वाकत नाही. आपला फीडर मात्र वाकतो.

नेहमीचाच सप्लाय घेऊ: २३० ला १५ व्होल्ट देणारा ट्रान्सफॉर्मर, ब्रिज, कपॅसिटर आणि ७८१२. हरभऱ्याला पाणी द्यायच्या दिवसांत मोटारी एकदम सुरू झाल्या आणि फेजला १६० व्होल्ट उरले, तर सेकंडरीला साडेदहासुद्धा भरत नाहीत. पीक पावणेपंधरा, त्यातून दोन डायोडचे वजा जाता सव्वातेराच्या आसपास. रिपलची घट वेगळीच. ७८१२ ला साधारण चौदा हवेत. म्हणजे बारा व्होल्टची लाइन घसरणार आणि कंपॅरेटरचा रेफरन्स तिच्यावरूनच घेतला असेल तर तोही सोबत घसरणार. मग कटऑफ १५० ला लावलेला असूनही व्होल्टेज त्याखाली गेल्यावर रिले सुटत नाही, वाइंडिंग तापत राहते. उलट भार उतरून व्होल्टेज २६० ला गेले की दीडशे मिलिअँपिअरवर रेग्युलेटरमध्ये दीड वॉट जिरतो. हीटसिंक नसेल तर तापमान शंभर अंशांनी चढते; मे महिन्यात पत्र्याच्या पेटीत आधीच पन्नास असतात. टेबलावर न दिसलेले थर्मल शटडाउन शिवारात दिसते, आणि बऱ्याच मॉडेलांत ते नसतेच, म्हणून हा हिशेब हातानेच करावा लागतो.

सॉफ्टवेअर महाग, ही सबब आता टिकत नाही. आयआयटी मुंबईच्या फॉसी प्रकल्पाचे ई-सिम फुकट आहे, मुक्त स्रोत आहे आणि त्याच्या पोटात एनजीस्पाइसच आहे. सोर्सच्या पुढे एक रेझिस्टर जोडून लाइनचा ड्रॉप दाखवायला पाच मिनिटे लागत नाहीत. ‘व्हेरिअ‍ॅक लावून बोर्डच तपासतो’ या आक्षेपात मात्र तथ्य आहे. वीज पडणे, ओल, सैल टर्मिनल हे सिम्युलेशन सांगत नाही. पण व्हेरिअ‍ॅक हातातल्या एका बोर्डाचे सांगतो. पाच टक्के टॉलरन्सचे रेझिस्टर लागलेल्या पुढच्या हजार बोर्डांचे नाही. दोन्ही करावे, आधी सिम्युलेशन. शेगावपासून मुंबईपर्यंत अभियांत्रिकीच्या प्रयोगशाळांतही नॉमिनल आलेखावर सही मिळणे बंद व्हायला हवे.

आमच्याकडे पंप कंट्रोलरचे सर्किट पाठवणाऱ्यांनी यापुढे १६० आणि २६० व्होल्टचे, पन्नास अंशांवरचे आलेख सोबत जोडावेत. फक्त २३० चा आलेख असलेला लेख परत पाठवला जाईल.