सक्तीचे शिक्षण आणि भाकरीचा प्रश्न

ना. गोखल्यांचे सक्तीच्या प्राथमिक शिक्षणाचे विधेयक १९१२ साली वरिष्ठ कायदेमंडळाने फेटाळिले. जे एवढ्या मोठ्या सरकारास मानवले नाही, ते करवीरच्या शाहू छत्रपतींनी १९१७ साली आपल्या लहानशा संस्थानात कायदा करून आरंभिले. आणि १९१९ साली अस्पृश्यांच्या निराळ्या शाळा मोडून त्यांची मुले इतरांबरोबर बसवावी, असा हुकूमही काढिला. तोवर या मुलांचे बालपण शाळेच्या दाराबाहेर, पायरीपाशी जात असे.

परंतु हुकूम दरबारातून निघतो आणि मूल घरातून निघावे लागते. त्या काळच्या कुणब्याचे पोर पहाटे गुरांमागे जाई, दुपारी शेतावर भाकरी पोचवी आणि जोंधळा निसवला म्हणजे माळ्यावर उभे राहून गोफण फिरवी. 'हा शाळेत गेला तर गुरे कोण राखील?' हा बापाचा प्रश्न अडाणीपणाचा होता, असे शहरातील पुष्कळ विद्वानांस वाटे. आम्हांस तसे वाटत नाही. तो हिशेबाचा प्रश्न होता, आणि हिशेब आमच्या व्यापारी वाचकांस समजावून सांगावयास नको.

भाऊराव पाटलांनी तो ओळखिला. १९२४ साली साताऱ्यास त्यांनी वसतिगृह उघडिले, तेथे निरनिराळ्या जातींची खेड्यातील मुले एका पंक्तीस जेवू लागली. धान्य संपले तेव्हा लक्ष्मीबाईंच्या अंगावरील दागिने गेले. मंगळसूत्रही राहिले नाही.

आज २००९ चा कायदा सहा ते चौदा वर्षांच्या प्रत्येक मुलास मोफत शिक्षणाचा हक्क देतो. तरीही दिवाळीच्या सुमारास बीडकडून ऊसतोडणीच्या टोळ्या निघतात, त्यांत मुले असतातच. नवराबायको मिळून एक कोयता; मुकादमाची उचल घेतलेली; मग तान्ह्यास सांभाळावयास थोरली मुलगी बरोबर न्यावी लागते. तिचे नाव शाळेच्या पटावर असते, ती स्वतः फडात असते! यास आईबापांची अनास्था म्हणणे अन्यायाचे होय.

हंगामी वसतिगृहाची योजना सरकारजवळ आहे. आमचे मागणे इतकेच, की टोळी ज्या दिवशी गाव सोडील, त्या दिवशी तेथील चूल पेटलेली असावी, आणि फडाशेजारी तान्ह्यांसाठी पाळणाघर असावे. त्याचा खर्च साखरेच्या हिशेबात धरावा. साखर विकणाऱ्या पेढ्यांनी कारखान्यांस पत्रे लिहून हे विचारावयास हरकत कोणती? पुढील हंगामास अजून अवकाश आहे.