बिअरमधले गोळे आणि आपली काकवी

मंडळी, या वेळी बेल्जियमचा पदार्थ. नाव ऐकून बिचकू नका. खिम्याचे गोळेच आहेत, फक्त रस्सा तिखट-मसाल्याऐवजी कांदा आणि बिअरचा.

बेल्जियम निवडायला कारण आहे. त्या देशाच्या मधूनच भाषेची सीमा जाते. वर डच बोलणारे, खाली फ्रेंच बोलणारे. 1962 मध्ये कायदा करून ही रेषा पक्की केली आणि 1963 मध्ये फूरोन नावाची सहा खेडी फ्रेंचभाषक लिएज प्रांतातून काढून डचभाषक लिंबुर्गला जोडली. डच लोक त्याच गावांना व्हूरेन म्हणतात. त्यावरून इतकी वर्षं भांडणं चालली की 1987 मध्ये देशाचं सरकार पडलं. 1956 नंतर बेळगाव-निपाणीत वाढलेल्या माणसाला हे सगळं समजावून सांगावं लागत नाही. गंमत म्हणजे गोळे दोन्हीकडे आहेत. लिएजमध्ये ‘बुले’, अँटवर्पकडे ‘बालेकेस’. भांडण भाषेचं, भांडं एकच.

तिकडे हे गोळे गाय आणि डुकराच्या मांसाचे करतात. आपण मटण घेऊ. अर्धा किलो खिमा, थोडी चरबी ठेवून, दोनदा काढून द्यायला सांगा. दोन स्लाइस ब्रेड अर्धी वाटी दुधात भिजवून, पिळून त्यात घाला. एक अंडं, एक बारीक चिरलेला कांदा, मीठ, मिरपूड, चिमूटभर जायफळ. ब्रेड न घालता केलात तर गोळा रबरासारखा घट्ट होतो, कारण आपल्या मटणाला चरबी कमी. मोठ्या लिंबाएवढे गोळे वळून अर्धा तास फ्रीजमध्ये ठेवा आणि मग जाड बुडाच्या भांड्यात थोड्या तेलावर सगळीकडून लालसर करून काढून ठेवा.

त्याच भांड्यात तीन मोठे कांदे उभे चिरून, मंद आचेवर. इथे घाई नको. पंचवीस मिनिटं लागतात, कधी जास्त. कांदा पिवळा नाही, तपकिरी व्हायला हवा, आणि बुडाला चिकटलेलं सगळं खरवडून त्यात आलं पाहिजे. रश्श्याचा रंग आणि निम्मी चव इथेच ठरते. एक चमचा मैदा परतून घ्या, मग 330 मिलीची एक बाटली बिअर हळूहळू ओता. फसफसते, म्हणून भांडं मोठं. तेवढंच पाणी, दोन तमालपत्रं. मूळ पदार्थात थाइम नावाची वनस्पती असते. ती शोधत फिरू नका, चिमूटभर ओवा चुरडून टाका. ओव्याचा वास ज्या थायमॉलमुळे येतो, तेच थाइममध्येही असतं.

बिअर कुठली? कडू नको. बिअरचा कडवटपणा हॉप्सच्या फुलांचा, आणि तो उडून जात नाही; रस्सा आटेल तसा दाट होतो. बेल्जियममध्ये म्हणून गडद, कमी कडू बिअर घालतात. आपल्याकडे ती सहज मिळत नाही, तर गव्हाची बिअर घ्या. हूगार्डन आता शहरांत मिळते. त्याच नावाच्या गावात ही जात बंद पडली होती. 1966 मध्ये पिएर सेलिस नावाच्या माणसाने ती पुन्हा सुरू केली. तिच्यात संत्र्याची साल आणि चक्क धने असतात. स्ट्राँग बिअर घालून चव वाढत नाही, अल्कोहोल तेवढं वाढतं.

आता माझ्या मते या पदार्थातली सगळ्यात महत्त्वाची गोष्ट. ‘शिजवलं की दारू उडून जाते’ हे आपण सगळे बिनधास्त सांगतो. पूर्ण उडत नाही. अमेरिकेच्या कृषी खात्याच्या तक्त्यानुसार मंद उकळत्या पदार्थात एक तासानंतर पाव भाग अल्कोहोल शिल्लक राहतं, दोन तासांनी दहावा भाग. हिशोब करून बघा: 330 मिली बिअरमध्ये पाच टक्क्यांनी साडेसोळा मिली अल्कोहोल. दोन तासांनी सगळ्या भांड्यात मिळून दीड मिलीच्या आसपास. पाच जणांत वाटलं तर अगदी थोडं, पण शून्य नाही. म्हणून रस्सा आधी तासभर नुसता उकळू द्या, मग गोळे सोडून आणखी तासभर, झाकण अर्धवट उघडं, पाणी आटलं तर गरम पाणी घालत. प्रेशर कुकर नको. त्यात वाफ कोंडून राहते आणि गोळेही फुटतात.

पण ज्याच्या गळ्यात माळ आहे, ज्याच्या धर्मात चालत नाही, किंवा ज्याने मोठ्या कष्टाने दारू सोडली आहे, त्याला मिलीचा हिशोब सांगून उपयोग नाही. त्याला वाढण्याआधी सांगायचं. आमच्या आईने पहिला प्रश्न हाच विचारला, ‘दारू घालून मटण? पोरांनापण?’ प्रश्न बरोबर होता. तेव्हापासून आमच्याकडे दोन भांडी चढतात. दुसऱ्यात बिअरऐवजी मटणाचं अळणी पाणी आणि चमचाभर जास्त व्हिनेगर. खरं सांगायचं तर ते भांडं आधी संपतं.

शेवटी गोडवा. लिएजचे लोक सफरचंद आणि नासपती तासन्‌तास आटवून काळं, चिकट सिरप करतात आणि ते या रश्श्यात घालतात. त्याला आपल्याकडे काकवीइतका जवळचा नातेवाईक दुसरा नाही. तोही रस आटवूनच, फक्त उसाचा. निपाणीहून कोल्हापूरच्या दिशेने गेलात की गुऱ्हाळावर ताजी मिळते. कानडी शेजाऱ्याकडे मागितलीत तर ‘काकंबी’ म्हणा. दोन मोठे चमचे काकवी आणि एक चमचा व्हिनेगर, गॅस बंद करायच्या दहा मिनिटं आधी. आधी घातलीत तर बुडाला लागते. फ्लेमिश पद्धतीचा बिअरमधला रस्सा करताना मोहरीची चटणी फासलेला ब्रेडचा तुकडा वर पालथा ठेवतात. तो विरघळून रस्सा दाट होतो. तेही करून बघा.

तिकडे सोबत बटाट्याचे फ्राइज असतात. पाव चालतो, पण मला जोंधळ्याची भाकरी जास्त आवडली. दुसऱ्या दिवशी चव आणखी मुरते, तेव्हा थोडे मुद्दाम जास्त करा. आणि कागल-कोल्हापूरला पाहुण्यांकडे नेणार असाल तर डबा न्या, बाटली नको. कर्नाटकात घेतलेली बाटली कोगनोळी ओलांडली की अबकारी खात्याच्या हिशोबात परकी होते.