उच्छ्वास पाडला, तर नळाची वाट कोण दाखवणार?

पुणे-सातारा रस्त्यालगतच्या आमच्या सोसायटीचा पुनर्विकास व्हायचा आहे. विकसकाने सर्वसाधारण सभेत नवा नकाशा मांडला. त्यात दोन लिफ्ट होत्या, जिम होती, प्रत्येक फ्लॅटला गाडीची जागा होती. आवारातला दगडी उच्छ्वास, म्हणजे पेशव्यांच्या काळातल्या भूमिगत पाण्याच्या नळातली हवा बाहेर सोडणारं बांधकाम, मात्र कुठेच नव्हता. त्याच्या जागी दोन गाड्या आखल्या होत्या. सोसायटीची सचिव म्हणून त्या नकाशावर सही करायला मी नकार दिला आहे.

नानासाहेब पेशव्यांनी 1750 च्या सुमारास कात्रजला तलाव बांधून तिथलं पाणी पुण्यात आणलं. जमिनीखालून दगड-चुन्याचा नळ, माणूस आत उतरून चालू शकेल एवढा. कात्रजकडून शनिवारवाड्याकडे जमीन उतरत येते, त्या उतारावरच सगळा हिशेब बसवलेला. वरच्या तलावात गाळ बसायचा आणि निवळलेलं पाणी पुढे जायचं. वाटेत अंतराअंतरावर उच्छ्वास उभारले. नळात कोंडलेली हवा तिथून बाहेर पडायची, दाब आवाक्यात राहायचा. तिथून पाणी पेठांतल्या हौदांत पोचायचं. पुढे नाना फडणवीसांनी आंबेगावहून आणखी एक नळ आणला. फडके हौद, काळा हौद, साततोटी ही नावं आज रिक्षावाल्याला सांगण्यापुरती उरली आहेत, पण कधीकाळी तिथे खरोखर घागरी भरल्या जात होत्या.

माझ्या सासूबाईंनीही त्या भरल्या. 12 जुलै 1961 रोजी पानशेत फुटलं, पाठोपाठ खडकवासल्याचं धरणही गेलं आणि घरोघरचे नळ कोरडे पडले. सासूबाई तेव्हा सदाशिव पेठेत राहायच्या. हौदावर पहाटेपासून रांग लागायची, भांडणं होऊ नयेत म्हणून वाड्यातले पुरुष आळीपाळीने तिथे उभे राहायचे आणि बायका कळशा वाहायच्या, असं त्या सांगत.

सभेत आमच्या मजल्यावरचे काका म्हणाले, "ताई, आपलं पाणी टाकीतून येतं. त्या दगडांसाठी दोन पार्किंग का घालवायची?" प्रश्न रास्त आहे. मुलं रात्री गाडी लावायला जागा शोधत फिरतात, ते मीही बघते. पण आमच्या इमारतीखाली दोन मजली बेसमेंट खोदायचं आहे. नळ आवाराच्या कुठल्या कोपऱ्यातून, कसा वळून जातो, याची वर दिसणारी खूण एकच आहे, ती म्हणजे हा उच्छ्वास. तो काढला की जमिनीखालचं काहीच कळणार नाही. पोकलेनचा दात नळात घुसेल, डबर आत पडेल आणि वरच्या अंगाचं पाणी तुंबून कुणाच्या तरी इमारतीच्या पायात शिरेल. एका सोसायटीने केलेली मोडतोड साऱ्या वाटेवरच्या लोकांना भोवते. म्हणून हा प्रश्न आमच्या दोन गाड्यांपुरता नाही.

माझं मागणं साधं आहे. महापालिकेने कात्रजपासून पेठांपर्यंतचा प्रत्येक उच्छ्वास मोजून नकाशावर घ्यावा. ज्या आवारात तो आहे, तिथल्या बांधकामाला परवानगी देण्याआधी नळाची जागा तपासून घ्यावी आणि दोन्ही बाजूंना न खोदण्याचा पट्टा सक्तीने सोडायला लावावा. त्या पट्ट्यामुळे जेवढं बांधकाम कमी होईल, तेवढी सवलत सोसायटीला इतरत्र द्यावी, म्हणजे जपणाऱ्याला भुर्दंड बसणार नाही. डागडुजी चुन्यातच व्हावी. सिमेंटचा गिलावा ओल आत कोंडतो आणि दगडाचे पापुद्रे सुटू लागतात. चुन्याचं काम येणारे गवंडी आजही आहेत, त्यांना बोलवावं.

आणि ज्यांच्या आवारात उच्छ्वास आहे, त्या सभासदांना माझं कळकळीचं सांगणं आहे. विकसन करारावर सही झाली की आपल्या हातात फारसं काही उरत नाही. त्याआधीच्या सभेत उच्छ्वासाचा विषय कार्यक्रमपत्रिकेवर घ्या, ठराव करा आणि नकाशात त्याची जागा आखून घ्या. आमची पुढची सभा याच महिन्यात आहे. ठराव मी लिहून ठेवला आहे. दुसऱ्या सोसायटीला मसुदा हवा असेल, तर मी आनंदाने देईन.