व्हीएफएक्सला शिव्या घालण्याआधी

टीझर आला की दहा मिनिटांत आपण निकाल लावतो: ‘कार्टून वाटतंय.’ ऑक्टोबर २०२२ मध्ये ‘आदिपुरुष’च्या टीझरचं हेच झालं. मीम निघाले आणि जानेवारीचा सिनेमा जून २०२३ वर गेला. पण त्या शॉटवर काम करणाऱ्याला किती दिवस मिळाले होते, हे आपल्यापैकी किती जणांनी विचारलं?

मी सॉफ्टवेअर इंजिनिअर, राहणार विरार. आमच्याच बिल्डिंगमधला माझा एक मित्र रोटो करतो. म्हणजे नटाच्या कडेकडेने रेष ओढून त्याला मागच्या दृश्यापासून सोडवायचं. सेकंदाला २४ फ्रेम, म्हणजे पाच सेकंदांच्या शॉटला १२०. मधल्या काही फ्रेम सॉफ्टवेअर भरतं, पण उडणारे केस त्यालाच निस्तरावे लागतात. डिलिव्हरी असली की शेवटची विरार लोकल चुकते आणि तो पहाटेच्या गाडीने घरी येतो.

माझ्या क्लायंटचं मत बदललं की त्याला वाढीव बिल जातं. व्हीएफएक्समध्ये बहुतेक वेळा शॉटचा भाव आधीच ठरलेला असतो. दिग्दर्शकाचं मत दहादा बदलतं, रक्कम तीच राहते. मधला फरक कुणाच्या तरी झोपेतून वसूल होतो.

आणि हे फक्त आपल्याकडचं नाही. ‘लाइफ ऑफ पाय’चा वाघ घडवणारी ऱ्हिदम अँड ह्यूज कंपनी फेब्रुवारी २०१३ मध्ये दिवाळखोरीत गेली. त्याच महिन्यात त्या कामाला ऑस्कर मिळालं. विजेता मंचावरून कंपनीच्या संकटाबद्दल बोलू लागला, तसा त्याचा माइक बंद झाला.

‘आवड आहे म्हणून करतात ना?’ असं कुणी म्हणेल. आवड मलाही आहे, पण म्हणून कुणी माझा पगार कापत नाही. मार्व्हलच्या व्हीएफएक्स कामगारांनाही काम आवडत असणारच. तरी सप्टेंबर २०२३ मध्ये त्यांनी युनियनच्या बाजूने एकमताने कौल दिला.

‘राजा हरिश्चंद्र’ १९१३ चा. फाळक्यांच्या नावाचा पुरस्कार सगळ्यांना पाठ आहे. फिल्मला भोकं पाडण्यापासून ती धुण्यापर्यंतच्या कामात राबलेल्या सरस्वतीबाई किती जणांना माहीत आहेत? पडद्यामागचे हात विसरायची ही आपली जुनी सवय आहे.

मागण्या साध्या आहेत: ठरल्यापेक्षा जास्त बदलांचे वेगळे पैसे, रात्रपाळीचा ओव्हरटाइम आणि श्रेयनामावलीत प्रत्येकाचं नाव. पुढचा टीझर फसला तर शिव्या जरूर घाला, पण तारीख आणि बजेट ठरवणाऱ्या निर्मात्याला.