अपरिचित कोणास?

सहलींच्या पत्रकांत अलीकडे ‘अपरिचित’ हा शब्द फार बोकाळला आहे. वेरूळ झाले, अजिंठा झाला, महाबळेश्वर तर वाडवडिलांच्या काळीच होऊन गेले. तेव्हा आता सुशिक्षित कुटुंबांसाठी ‘अपरिचित निसर्गस्थळे व सांस्कृतिक ठेवा’ यांची खासगी, एका दिवसाची सहल निघते. पहाटे दाराशी मोटार उभी राहते, रात्री दाराशी आणून सोडते, आणि मधल्या बारा-चौदा तासांत पाच-सहा स्थळे ‘होतात’. अमुक स्थळ पाहिले, असे सहलीहून परतलेला मनुष्य क्वचितच म्हणतो. ते ‘झाले’ असेच म्हणतो. बोलीने येथे नकळत खरे ते सांगून टाकले आहे. आमचा आक्षेप मोटारीस नाही, मौजेस नाही, एका दिवसाच्या मुदतीसही नाही. या सहलीने अपरिचित स्थळाचा परिचय होतो, असा जो दावा केला जातो त्यास आमचा आक्षेप आहे. आमचे म्हणणे असे की, ज्या रीतीने ही सहल आज योजली जाते त्या रीतीने स्थळ होते तितकेच अपरिचित राहते; भर पडते ती केवळ परिचय झाल्याच्या समाधानाची.

हा वाद हवेत राहू नये म्हणून आम्ही एकच गाव पुढे ठेवितो. बुलढाणा जिल्ह्यात, मोताळा तालुक्यात, रोहिणखेड नावाचे गाव आहे. अजिंठ्याच्या डोंगररांगेचा माथा उत्तरेस जेथे तुटतो आणि खाली पूर्णेच्या खोऱ्याचे काळ्या मातीचे मैदान पसरत जाते, तेथे घाटाच्या अगदी पायथ्याशी ते वसले आहे. वरचा मुलूख बालाघाट आणि खालचा पायनघाट, ही वऱ्हाडाची जुनी विभागणी. रोहिणखेड या दोहोंच्या सांध्यावर आहे. गावात एक लहानशी पण देखणी मशीद आहे. खुदावंदखान महदवी याने ती १५८२ मध्ये बांधविली. साखरखेर्ड्याची जुनी मशीदही त्याचीच. सहलीच्या पत्रकात रोहिणखेडास जागा मिळालीच, तर ती या मशिदीपुरती मिळेल. एक ओळ, एक छायाचित्र आणि पाव तासाचा थांबा. पाव तासात मशीद डोळ्यांनी पाहून होते, हे आम्हांस मान्य आहे. परंतु रोहिणखेड पाहून होते काय?

या गावाच्या शिवारात दोन मोठ्या लढाया झाल्या. पहिली १४३७ सालची. खानदेशचा सुलतान नासीरखान फारुकी याची कन्या अल्लाउद्दीन बहामनीस दिली होती. तिची बेदरच्या दरबारात उपेक्षा झाली, या रागाने बाप वऱ्हाडावर चालून आला. त्याच्यावर दौलताबादचा सुभेदार खलफ हसन बसरी याची रवानगी झाली. त्याने नासीरखानास रोहिणखेडापाशी गाठून त्याचा पुरा मोड केला, पाठलाग करीत बऱ्हाणपूर गाठले आणि ते शहर लुटले. दुसरी लढाई त्यानंतर सुमारे दीडशे वर्षांनी, १५९०-९१ च्या सुमाराची. अहमदनगरच्या गादीवर तेव्हा इस्माईल निजामशाह नावाचा अल्पवयीन मुलगा होता आणि सारी सत्ता जमालखान या महदवी पंथाच्या सरदाराच्या हाती होती. या मुलाचा बाप बुऱ्हाण, अकबराच्या पाठिंब्याने आणि खानदेशच्या राजा अलीखानाच्या मदतीने, गादी मिळविण्यासाठी उत्तरेकडून आला. रोहिणखेडास उभय सैन्यांची गाठ पडली. जमालखान मारला गेला, मुलगा बापाच्या कैदेत पडला, आणि बाप निजामशाह झाला.

आता ती मशीद पुन्हा पाहावी. ती बांधविणारा खुदावंदखान हा जमालखानाच्याच पक्षाचा, त्याच पंथाचा. जौनपूरच्या सय्यद महंमदास महदी मानणारा हा पंथ दक्षिणेत काही काळ राजसत्तेच्या शिखरावर चढला, आणि जेथे त्याने ही वास्तू उभारली होती त्याच गावाच्या शिवारात, नऊ-दहा वर्षांच्या आत, त्याची सत्ता धुळीस मिळाली. हे ठाऊक असणाऱ्यास त्या लहान इमारतीपुढे उभे राहिल्यावर काही वाटेल. ठाऊक नसणाऱ्यास ‘पुरातन मशीद’ एवढेच दिसेल, आणि तशा इमारती महाराष्ट्रात थोड्या नाहीत.

गोष्ट येथेच संपत नाही. बुऱ्हाण निजामशाह १५९५ मध्ये वारला. मागे वारसाचे भांडण माजले, मोगलांनी अहमदनगरास वेढा घातला, चांदबिबीने किल्ला लढविला, आणि १५९६ मध्ये तहाची किंमत म्हणून वऱ्हाड अकबरास द्यावा लागला. ज्या अकबराच्या पाठिंब्यावर बुऱ्हाण रोहिणखेडास जिंकला, त्याच्याच पदरी पाच-सहा वर्षांत हा सारा सुभा पडला. निजामशाहीच्या याच उतरत्या काळात, याच जिल्ह्यातील सिंदखेडास लखुजी जाधवांच्या घरी १५९८ मध्ये जिजाबाईंचा जन्म झाला असे मानतात. आणि पुढे १६२९ मध्ये लखुजी निजामशाहाच्याच हुकुमाने दौलताबादेस मारले गेले. सिंदखेडराजाचे नाव आमच्या प्रत्येक वाचकास पाठ आहे. रोहिणखेड व सिंदखेड ही एकाच ग्रंथाची दोन पाने आहेत. खासगी सहल ती दोन सुटी चित्रे म्हणून विकते, आणि घेणाराही तशीच घेतो.

याहून महत्त्वाची गोष्ट निराळीच आहे. दीडशे वर्षांच्या अंतराने, निरनिराळ्या राजांची, निरनिराळ्या कारणांनी निघालेली सैन्ये एकाच जागी का भिडावी? याचे उत्तर मशिदीत नाही; ते गावाच्या पाठीशी उभ्या असलेल्या डोंगरात आहे. बऱ्हाणपुराकडून मैदानातून येणारास दख्खनच्या माथ्यावर चढावयाचे तर या कड्यातील घाटांवाचून वाट नाही. दौलताबाद-अहमदनगराकडून उतरणारासही तेच घाट. चढणारा आणि उतरणारा पायथ्याशी समोरासमोर येणार, हे भूगोलानेच ठरवून ठेविले होते. निसर्ग आणि इतिहास अशी दोन सदरे पाडून स्थळांची यादी करणाऱ्यास हे कधी दिसणार नाही, कारण येथे निसर्ग हाच इतिहासाचे कारण आहे. मैदानातून त्या निळसर भिंतीकडे पाहावे, मग तासभर घाटाची चढण पायांनी चढावी, आणि माथ्यावरून मागे वळून पाहावे. तोफा ओढणाऱ्या बैलांची आणि भुकेल्या शिपायांची कल्पना तेव्हाच येते. मोटारीच्या बंद काचेतून घाट म्हणजे केवळ वळणे.

परंतु सहलीच्या वेळापत्रकात त्या तासास जागा कोठून असणार? त्याच दिवशी कोथळीची देवळे व्हावयाची, चिखलीकडील सातगावची व्हावयाची, ज्ञानगंगेचे अरण्य व्हावयाचे, आणि सायंकाळी लोणार गाठावयाचे. रोहिणखेडाहून लोणार सडकेने शंभर किलोमीटरांहून अधिक आहे. मग जुन्या दगडी देवळापुढे ‘हेमाडपंती’ हा एकच शब्द उच्चारून पुढे निघणे भागच पडते. हेमाद्री हा तेराव्या शतकातील यादवांचा मंत्री. त्याच्या नावाने ओळखली जाणारी कित्येक देवळे त्याच्या जन्मापूर्वीची आहेत, हे सांगण्यास सवड नसते आणि विचारण्यास तर नसतेच. लोणारास २०२० च्या जूनमध्ये सरोवराचे पाणी गुलाबी झाले तेव्हा रंगाची छायाचित्रे घरोघर पोचली. पाण्याचा खारटपणा वाढून त्यात सूक्ष्म जीव माजल्याने तो रंग आला होता, हे कितीकांच्या ध्यानी राहिले? ज्ञानगंगेची कथा तर उपरोधिक आहे. २०१९ मध्ये टिपेश्वरच्या अरण्यातून निघालेला एक तरुण वाघ शेते, नाले व सडका ओलांडीत हजाराहून अधिक किलोमीटर पायी चालून या अरण्यात आला. त्याची वाट त्याच्या गळपट्ट्यावरून अभ्यासकांनी टिपली. त्या वाघाची कीर्ती ऐकून आम्ही तेथे जातो ते मात्र तासाच्या हिशेबाने.

आता ‘अपरिचित’ या शब्दाकडे वळू. रोहिणखेड अपरिचित कोणास? तेथील शेतकऱ्यास नाही, मशिदीत नमाज पढणाऱ्यास नाही, घाटात गुरे चारणाऱ्यास नाही. अपरिचय आहे तो शहरातील आमच्यासारख्यांचा. आणि आपल्या अंगची उणीव स्थळाच्या अंगी चिकटवून ती गुण म्हणून विकावी, हा या व्यापाराचा कावा आहे. बुलढाण्याच्या या. मा. काळे यांचा ‘वऱ्हाडचा इतिहास’ १९२४ सालीच छापला गेला. जिल्ह्याचे गॅझेटियर त्याहून जुने, १९१० चे. ज्या स्थळाची हकीकत शंभर वर्षांपूर्वी ग्रंथांत आली ते अपरिचित म्हणून मिरविताना शिकलेल्या माणसास संकोच वाटावयास हवा.

आपल्या भाषेस स्थळे पाहण्याची दुसरी एक शिस्त फार पूर्वीपासून ठाऊक आहे. महानुभाव पंथाची ‘स्थानपोथी’ पाहावी. चक्रधरस्वामी जेथे जेथे राहिले (लोणार आणि मेहकर ही त्यांपैकीच) त्या त्या जागेचे देऊळ कोणत्या दिशेस तोंड करून आहे, कोणता ओटा कोणीकडे आहे, याची तीत बारकाईने नोंद आहे. तेथे श्रद्धा होती हे खरे. पण श्रद्धेने डोळे मिटले नाहीत, उलट ते अधिक उघडले. श्रद्धा नसलेल्या आधुनिक प्रवाशाने निदान जिज्ञासेने तेवढे करावे, ही अपेक्षा फार नाही.

यावर काही उत्तरे दिली जातात. लोकांस वेळ नाही, हे पहिले. वेळ नाही म्हणूनच आम्ही म्हणतो की तो सहा ठिकाणी वाटू नये. तोच दिवस एका गावास दिला तर तो पुरतो. दुसरे उत्तर, सहलींमुळे खेड्यास चार पैसे मिळतात. कसे मिळतात? मोटार शहरातील, पाणी शहरातून बरोबर घेतलेले, जेवण हमरस्त्यावरील हॉटेलात, माहिती सांगणाराही शहरातूनच आणलेला. अशा सहलीत गावाच्या वाट्यास धूळ आणि रिकाम्या बाटल्या येतात. तिसरे उत्तर, वृद्धांस व मुलांस घाट चढवत नाही. त्यांनी खुशाल मोटारीने चढावे. पण वर पोचल्यावर उतरून खाली पाहावे, आणि नातवास आजोबांनी ती बापलेकांची लढाई सांगावी. चौथे उत्तर सर्वांत प्रामाणिक आहे: आम्ही मौजेसाठी जातो, अभ्यासासाठी नव्हे. ठीक आहे. मग मौज म्हणावे. ‘सांस्कृतिक ठेव्याचा परिचय’ हे भारदस्त नाव त्यास देऊ नये. आणि ज्याला गोष्ट ठाऊक आहे त्याची मौज कमी होते, हे तरी कोणी सिद्ध केले?

नुसता दोष दाखवून थांबणे आम्हांस प्रशस्त वाटत नाही. एक दिवस, एक गाव, हा नियम घरोघर करावा. निघण्यापूर्वी एक संध्याकाळ त्या गावाविषयी मिळेल ते वाचावे. मुलांकडून नकाशावर नद्या आणि घाट काढवून घ्यावे. गावात पोचल्यावर वाटाड्या गावचाच घ्यावा, त्याचा मोबदला आधी ठरवावा आणि घासाघीस न करता द्यावा; चहा व जेवण गावात, पैसे देऊन, घ्यावे. देऊळ असो वा मशीद, ती कोणाच्या तरी उपासनेची जागा आहे हे स्मरून, विचारून आत जावे आणि विचारूनच छायाचित्र काढावे. वाटेचा थोडा भाग पायी चालावा. परतल्यावर पाहिले ते दोन पाने लिहून ठेवावे. लिहावयास बसले की काय पाहिले नाही तेही कळते. सहली काढणाऱ्या मंडळींनाही आमची हीच विनंती आहे: पत्रकातील स्थळांची संख्या कमी करा, आणि गावातील दोन तरुणांस आपल्या गावाची हकीकत नीट सांगण्यास तयार करून त्यांस कायमचे काम द्या.

असे झाले तर गावाचा लाभ उघड आहे. आपल्या दारी कोणी केवळ दगड पाहावयास आला नाही, आपली गोष्ट ऐकावयास आला, हे पाहून तेथील मुलगाही ती गोष्ट आजोबांस विचारील. हे न झाले तर आणखी वीस वर्षांनी रोहिणखेड फार प्रसिद्ध झालेले असेल, त्याची छायाचित्रे प्रत्येक खिशात असतील, आणि त्या घाटाखाली कोण कोणाशी का लढले हे सांगणारे गावातही कोणी उरलेले नसेल.