जव्हार-मोखाड्याच्या थंडीत छोट्या कुत्र्यांना जपायचं कसं?

थंडी पडली की जव्हारची वाट धरणाऱ्यांच्या गाडीत हल्ली एखादा पगही असतो. मुंबईच्या दमट हवेत वाढलेला हा जीव अचानक साडेचारशे मीटरच्या आसपास उंचीवर येतो. दुपारी ऊन चटकतं, पण रात्री पारा झपकन उतरतो.

लहान शरीरात वजनाच्या मानाने कातडी जास्त, म्हणून उष्णता लवकर निसटते. त्यात पगचे केस आखूड. स्वेटर घाला, पण दवाने भिजला की लगेच काढा. ओला स्वेटर नसलेलाच बरा.

खरा प्रश्न मात्र गावातल्या पिल्लांचा आहे. आपल्याकडच्या भटक्या कुत्र्यांची बरीचशी पिल्लं थंडीतच जन्मतात. आयसर कोलकाताच्या संशोधकांनी पश्चिम बंगालमध्ये ३६४ पिल्लांवर नजर ठेवली. २०१६ साली आलेल्या त्या अभ्यासात सातव्या महिन्यापर्यंत जेमतेम १९ टक्के जगली. आणि निम्म्याहून जास्त मृत्यूंना कारण होता माणूस. उबेसाठी पिल्लं उभ्या गाडीखाली शिरतात, हे लक्षात घ्या. होमस्टेहून निघताना बोनेटवर थाप मारा, खाली वाकून बघा.

निवाऱ्याला पैसे लागत नाहीत. मोखाड्यात भाताचा पेंढा घरोघरी असतो. खोकं विटांवर ठेवा, तोंड वाऱ्याच्या उलट दिशेला करा, आत कोरडा पेंढा भरा. गोधडी किंवा गोणपाट दव धरतं आणि उलट गार पडतं.

कुडकुडणारं पिल्लू न तापवताच एकदम शांत, सुस्त झालं, तर ते बरं झालेलं नसतं. कोरड्या कपड्यात गुंडाळा, छातीशी धरा आणि थेट पशुवैद्यकीय दवाखाना गाठा.